मंदाकाकूंची आरोळी

माझ्या फोनमध्ये एक गाणं आहे. गाडीत कुणी नवीन माणूस बसला की मी ते लावते आणि चोरून त्याच्या तोंडाकडे बघते. सुरुवातीलाच ड्रम असे कोसळतात की माझ्या सासूबाई म्हणाल्या होत्या, "गाडीचं काहीतरी तुटलंय बहुतेक." मग गिटारी करवतीसारख्या सुरू होतात आणि एक मुलगा किंचाळायला लागतो. चांगली चांगली माणसं दाराच्या हँडलला हात घालतात. मी म्हणते, थांबा बाप्पा, शेवटपर्यंत ऐका. शेवटी सगळा कल्लोळ थांबतो, आणि एकाच बाईची लांबलचक आरोळी तेवढी उरते. माझ्या अंगावर अजून काटा येतो. ती बाई म्हणजे आमच्या मंदाकाकू. वय तेव्हा साठीच्या पुढे, माहेर कराड, मुक्काम नेपरव्हिल, शिकागोच्या पश्चिमेला.

या प्रकाराला मेटलकोअर म्हणतात. बँडचं नाव 'रेलरोड सायलेन्स', आणि 'फर्स्ट स्टॉप' हा त्यांचा पहिलावहिला अल्बम. तो निघाला तेव्हा मी इतकी नाचले की ऑफिसमधल्या लोकांना वाटलं, हिचं ग्रीन कार्ड आलं.

पण काकूंपासून सुरुवात करते.

मी नागपूरची. म्हणजे उन्हाची मला पदवी मिळालेली, बर्फाच्या बाबतीत शुद्ध ढ. नेपरव्हिलमधल्या पहिल्याच हिवाळ्यात माझी गाडी एका गल्लीत घसरली आणि कडेच्या बर्फाच्या ढिगाऱ्यात जाऊन बसली. चाक बघायला काच खाली केली, ॲक्सिलरेटर दाबला, तर गाडी आणखीच आत. मी ओरडले, "मेले गं माय!"

मागून उत्तर आलं, "मरत नाही कुणी इतक्यात! ॲक्सिलरेटरवरचा पाय काढ आधी!"

मी मागे बघितलं. मागे पिवळी धम्मक स्कूल बस उभी होती. रिकामी. ड्रायव्हरच्या खिडकीतून एक गोल चेहरा बाहेर आलेला, कपाळावर टिकली, डोक्याला मफलर घट्ट बांधलेला. "स्टिअरिंग सरळ कर! सरळ म्हणजे सरळ गं, संसारासारखं नको! आता रिव्हर्स. हळू. हळू म्हटलं ना!" बस चांगली लांब होती, पण मला प्रत्येक शब्द कानाशी बोलल्यासारखा ऐकू येत होता. गाडी निघाली. मी धापा टाकत होते.

"कुठली?"

"नागपूर."

"तरीच!" त्या म्हणाल्या. तरीच म्हणजे काय, ते मी त्यांना पुढे अनेकदा विचारलं. कधी सांगितलं नाही. "कान बांध आधी. संध्याकाळी जेवायला ये, पिठलं टाकते." आणि बस गेली. नाव नाही, पत्ता नाही. मी इंडियन ग्रोसरीत जाऊन विचारलं, "ती बस चालवणारी मराठी बाई..." दुकानदार गुजराती होता. तो पुढचं न ऐकताच म्हणाला, "मंदाबेन? मागच्या गल्लीत. घर नाही सापडलं तर उभी राहा, आवाज येईल."

आवाज खरंच आला. पिठलंही झकास होतं.

काकूंचे यजमान अरविंदकाका संशोधन संस्थेत इंजिनियर होते. शांत माणूस. काकू नवऱ्याच्या व्हिसावर आल्या, मुलगी वाढवली, आणि मुलगी शाळेत रमल्यावर एक दिवस स्कूल बसची जाहिरात वाचून थेट लायसन काढायला गेल्या. मराठी मंडळात कुजबुज झाली. इंजिनियरची बायको बस चालवते? काकूंनी भर हळदीकुंकवात सांगितलं, "विमान चालवलं असतं तर पेढे मागितले असते ना गं? मग माझ्या बसलाही मागा. चाकं तिच्यात जास्त आहेत."

त्यांचे काही ठाम सिद्धांत होते. थंडी कानातून शिरते. चहा उकळल्याशिवाय चहा नसतो. आणि माणूस घशातून बोलायला लागला की समजावं, खोटं बोलतोय किंवा घाबरलाय. "आवाज कसा, बेंबीच्या देठापासून यावा," त्या म्हणायच्या आणि स्वतःच्या पोटावर थाप मारायच्या. बसमधल्या सगळ्या मुलांना त्या 'राजा' म्हणायच्या. मुलगी असो, मुलगा असो, कोरियन असो, मेक्सिकन असो. "कम, राजा. सिट, राजा." मुलांना वाटायचं, भारतात सगळ्यांचं नाव राजाच असतं. थंडीत एखादं पोर उघड्या कानांनी चढलं की आपल्या पिशवीतली विणलेली कानटोपी त्याच्या डोक्यावर बसवायच्या. त्यांच्या रूटवरची पोरं शाळेत उतरायची ती सगळी पिंपरी-चिंचवडच्या पहाटेच्या वॉकला निघालेल्या आजोबांसारखी.

त्यांच्या रस्त्यात रेल्वेचं फाटक होतं. इथे स्कूल बसला प्रत्येक फाटकाशी थांबावंच लागतं, गाडी येवो न येवो. थांबायचं, दार उघडायचं, सगळ्या मुलांनी चिडीचूप व्हायचं, आणि ड्रायव्हरने कान देऊन ऐकायचं. इतर बसेसमध्येही हेच होतं. पण काकूंनी त्याला आपली शेपटी जोडली होती. रूळ ओलांडून बस पलीकडे गेली की आख्ख्या बसने मिळून एकदा ओरडायचं. एकदाच. मनात साठलंय ते सगळं. "पोरं एवढा वेळ गप्प बसली, त्याची मजुरी नको का द्यायला?" त्या फाटकाजवळच्या घरातली माणसं म्हणे त्या आरोळीवर घड्याळ लावायची.

त्या बसमध्ये कोडी नावाचा मुलगा होता. पिंगट केसांचा, हडकुळा. तो घराबाहेर कुणाशीच बोलायचा नाही. शिक्षकांशी नाही, मुलांशी नाही. काकू रोज "गुड मॉर्निंग, राजा" म्हणायच्या, तो मान हलवायचा. फाटकानंतर सगळे ओरडायचे, तो नुसता तोंड उघडायचा. काकूंना आरशात दिसायचं, पण त्या काही म्हणाल्या नाहीत. असे किती दिवस गेले कोण जाणे. मग एकदा आरोळी झाली, सगळे दमून गप्प झाले, आणि त्यानंतर मागच्या सीटवरून एक बारीक, पिपाणीसारखी किंकाळी आली. सगळ्यांनी माना वळवल्या. काकू आरशात बघून म्हणाल्या, "लेट आहे राजा, पण पोचली!"

हे इंग्रजीत नेमकं काय म्हणालात, असं मी विचारलं. "इंग्रजीत कशाला? मराठीतच म्हणाले. त्याला बरोबर कळलं."

कोडीला इतकं कळलं की तो पुढे थांबलाच नाही. त्याच बसमधला ईशान ड्रम वाजवायचा. ईशान म्हणजे मंडळातल्या जोशांचा मुलगा, इथेच जन्मलेला, मराठी समजणारा आणि उत्तर इंग्रजीत देणारा. पोरं मोठी झाली, आणखी दोघं गिटारवाले मिळाले आणि जोशांच्या गॅरेजमध्ये बँड सुरू झाला. बँडचं नाव अर्थात त्या फाटकावरूनच. गल्लीत हाहाकार माजला. कुणी म्हणालं, पोरगं ड्रग्ज घेतं. कुणी म्हणालं, सैतानाची पूजा आहे. शेवटी जोशीवहिनी रडकुंडीला येऊन काकूंकडे गेल्या, "तुम्हीच सांगा हो त्यांना, तुमचं ऐकतात."

काकू मला घेऊन गॅरेजमध्ये शिरल्या. कोडी डोळे मिटून किंचाळत होता, मानेच्या शिरा टरारलेल्या. गाणं संपेपर्यंत काकू हाताची घडी घालून उभ्या राहिल्या. मला वाटलं, आता काही खरं नाही.

"इकडे ये. तोंड उघड." त्यांनी पर्समधून बसची टॉर्च काढली आणि त्याच्या घशात मारली. "घशातून ओरडतोस. महिन्याभरात बसेल."

"नो, मंदाकाकू," कोडी म्हणाला. तो त्यांना काकूच म्हणायचा. त्याने समजावून सांगितलं की हा आवाज खऱ्या स्वरतंतूंतून काढत नाहीत, त्यांच्या वरच्या पडद्यांमधून काढतात, जोर सगळा पोटाचा असतो, आणि हे शिकायला त्याला तीन वर्षं लागली. काकूंनी त्याच्या पोटावर तळहात ठेवला. "आता ओरड." तो ओरडला. काकूंचा चेहरा असा उजळला की काय सांगू!

"अगं, बेंबीपासून आहे की हे सगळं!" त्या मला म्हणाल्या. मग बाहेर येऊन जोशीवहिनींना म्हणाल्या, "पोरगं आरोग्याने ओरडतंय. काळजी करू नकोस." वहिनींचं समाधान झालं नाही, पण गॅरेज वाचलं.

त्यानंतर काकू त्या पोरांच्या आजीसारख्या झाल्या. प्रत्येक नवीन गाणं आधी काकूंकडे. त्यांना शब्द कळत नसत, पण कुठे दम कमी पडतो ते कळायचं. मेटलकोअरमध्ये एक ब्रेकडाउन असतो, म्हणजे सगळा वेग अचानक मोडून जड, संथ ठोके पडतात आणि ऐकणाऱ्यांची मुंडकी आपोआप हलायला लागतात. काकू त्याला 'दणका' म्हणायच्या. "या गाण्यात दणका लवकर आला. अजून ताणा." पोरांनी ताणला. चांगलं झालं, असं म्हणायचे बाई ते.

पहिल्या अल्बमचं रेकॉर्डिंग ठरलं त्याच हिवाळ्यात काकूंच्या गळ्यात गाठ निघाली. थायरॉइडची. काढायलाच हवी होती. सर्जनने स्पष्ट सांगितलं, आवाजाची नस तिथूनच जाते, मी जपेन, पण आवाज बदलू शकतो. जाऊही शकतो.

त्या दिवशी काकू त्यांच्या स्वयंपाकघरात कणीक मळत होत्या. "मला गाठीची भीती नाही गं," त्या म्हणाल्या. "माझी आई गेली, तिचे ढीगभर फोटो आहेत. पण तिचा आवाज कुठेच नाही. कितीही आठवला तरी येत नाही कानात. आता तिकडे टेक्ससमध्ये, प्लेनोत, माझ्या लेकीला दिवस गेलेत. त्या बाळाला कळणार नाही आजी कशी हाक मारायची ते. तेवढंच गं. बाकी काय, देहाचं काय." आणि रडल्या. मी त्यांना रडताना कधी बघितलं नव्हतं. त्यांचं रडणंसुद्धा मोठ्याने होतं.

मी फोन काढला. म्हटलं, आत्ता रेकॉर्ड करू, त्यात काय! त्या ताठ बसल्या आणि म्हणाल्या, "हॅलो बाळ. मी तुझी आजी बोलते आहे." आम्ही ते परत ऐकलं. स्टेशनवरच्या अनाउन्समेंटसारखं वाटत होतं. अजून दोनदा केलं, आणखी वाईट. काकूंनी फोन परत दिला. "ही मी नाही. मी भिंतीशी बोलून ओरडलेय का कधी? समोर माणसं लागतात मला."

माणसं मिळणार होती. अल्बममधलं शेवटचं गाणं, 'नेव्हर क्वाएट', कोडीने स्वतःच्या लहानपणावर लिहिलं होतं. त्याच्या शेवटी गँग व्होकल्स हवे होते. म्हणजे एका गायकाऐवजी खोलीभर माणसांनी एकच ओळ मिळून ओरडायची: "आय वॉज नेव्हर क्वाएट!" शिकागोहून त्यांचे पंचवीस-तीस दोस्त ट्रेनने यायचे होते आणि त्यांच्यात एक काकू. शनिवारी रेकॉर्डिंग, बुधवारी ऑपरेशन. काकू त्या शनिवारवर डोळे लावून बसल्या होत्या.

शनिवारी बर्फ असं पडलं की आकाश फाटलं म्हणावं. ट्रेन बंद. दुपारी काकूंचा फोन वाजला तेव्हा आम्ही सगळ्या मंडळाच्या संक्रांतीच्या हळदीकुंकवात होतो. हॉल भाड्याने घेतलेला, गुळाच्या पोळ्या केलेल्या, मग बर्फाला कोण भीक घालतं? फोनवर ईशान होता. काकूंनी स्पीकर लावला.

"काकू, सॉरी. वी हॅव टू कॅन्सल. कोणीच येऊ शकत नाही. उद्या तिथे दुसरा बँड आहे, अँड मार्कस मिक्सिंग सुरू करणार. शेवटी आम्ही चौघंच ओरडू, यार."

मार्कस म्हणजे रेकॉर्डिंग करणारा इंजिनियर. काकूंची मान खाली गेली. मी त्यांच्याकडे बघत होते. पुढची तारीख म्हणजे ऑपरेशननंतरची, आणि तेव्हा ओरडणार कोण? मग त्यांनी मान वर केली आणि हॉलभर नजर फिरवली. बायका तिळगूळ वाटत होत्या, पुरुषमंडळी बटाटेवड्यांजवळ घुटमळत होती.

"किती माणसं लागतात रे राजा?"

"ट्वेंटी, थर्टी... का?"

"मार्कसला सांग, दिवे चालू ठेव." फोन बंद. आणि मग पोटावर हात ठेवून काकूंनी अशी हाक दिली की वड्यांच्या टेबलाशी एकाच्या हातातली प्लेट पडली. "ऐका! ज्याला ज्याला ओरडता येतं त्याने बूट घाला!"

स्टुडिओ दहा मिनिटांवर, एका जुन्या गोदामात होता. सगळ्यात पुढे हझार्ड दिवे लावून काकूंची गाडी, मागे आमची वरात. ब्रेकचे दिवे पेटले की कळायचं, काकू खिडकीतून मागच्याला काहीतरी सुनावतायत.

गंमत पुढे आहे. संक्रांत हा आमचा एकुलता एक सण, ज्याला आम्ही काळं नेसतो. तर त्या बर्फातून, स्टुडिओच्या दारातून, काळ्या चंद्रकळा, काळ्या पैठण्या, काळे कुडते, खाली स्नो बूट, असा सगळा ताफा आत शिरला. समोर बँड, नखशिखान्त काळ्यात. मार्कस खुर्चीतून उठलाच. तो दाढीवाला, हातभर टॅटू असलेला धिप्पाड माणूस. तो कोडीला म्हणाला, "तू म्हणालास शेजारी येतायत. तू हे नाही सांगितलंस की हे आपलेच लोक आहेत." जोशीवहिनींनी त्याच्या हातावर तिळगूळ ठेवला. "गोड गोड बोला," ईशानने भाषांतर करून सांगितलं. मार्कस म्हणाला, या धंद्यात हे त्याला पहिल्यांदाच कुणी सांगितलं.

हेडफोन मोजकेच होते. काकूंनी एक लावला आणि खूश झाल्या. "बरं झालं, कानही झाकले गेले." कोडीने ओळ शिकवली. पाटणकर आजोबांनी हात वर केला. "ओरडायचं ते कुणाच्या नावाने?"

"स्वतःच्याच, आजोबा!" काकू म्हणाल्या. "आयुष्यभर देवाच्या नावाने ओरडलात, एक दिवस स्वतःच्या."

मार्कसने क्लिक सुरू केला. म्हणजे घड्याळासारखी टिकटिक, तिच्या तालावर ओळ आठ वेळा म्हणायची, टाळ्यांसकट. पहिल्या दोन वेळा झकास. तिसऱ्यांदा टाळ्या जरा सरसावल्या. पाचव्यांदा आम्ही क्लिकच्या पुढे. आठवी ओळ संपली तेव्हा क्लिक बिचारा कुठेतरी मागे टिकटिकत होता.

"यू आर रशिंग," मार्कस म्हणाला. पुन्हा. पुन्हा तेच. त्याने हाताने ताल दिला, कोडीने पाय आपटला, काकूंनी दटावलं, "सावकाश! पंगत उठून चालली नाहीये!" आम्ही मान डोलावली, आणि पुन्हा तिसऱ्या ओळीपासून सुसाट. काय करणार? जन्मभर आरत्या म्हटलेली माणसं. आरती सुरू होते संथ, आणि शेवटच्या आरतीपर्यंत प्रत्येक घर अशा वेगात असतं की जणू मोदक पळून चाललेत. मराठी माणसाच्या हाताला टाळी दिली की ती पुढेच धावते, तिला ब्रेक नाही.

कितव्यांदा तरी थांबल्यावर मार्कसने डोकं हातात धरलं. बाहेर बर्फ वाढत होतं, लोकांना घरी परतायचं होतं. "आपण नंतर हे कापून जुळवू," तो म्हणाला, पण त्याच्या आवाजात दम नव्हता. काकूंनी हेडफोन काढला. गळ्यावर हात गेला त्यांचा, अगदी नकळत. "माझ्यामुळे पोरांचा अल्बम बिघडायला नको," त्या मला म्हणाल्या. "चला, जाऊ या आपण."

तेवढ्यात ईशान ड्रममागून उठला. लहानपणापासून मंडळाच्या गणपतीत झांजा वाजवलेला मुलगा. "वेट, वेट, वेट! मार्कस, क्लिक बंद कर. दे डोन्ट रश, मॅन. हे असंच असतं! इट्स सपोज्ड टू रन! मी त्यांना फॉलो करतो." आणि मग त्याच्या तोंडून चक्क सलग मराठी आलं. "काकू, तुम्ही मला बघायचं नाही. मी तुम्हाला बघणार. तुम्ही घरच्यासारखं म्हणा."

मार्कसने खांदे उडवले आणि बटण दाबलं.

आई गं, काय झालं म्हणून सांगू! पहिली ओळ दमदार. दुसरी. तिसऱ्याला टाळ्या सरसावल्या आणि ईशानचे ड्रम आमच्याबरोबर सरसावले. पाचव्याला गिटारी मागे लागल्या. काकू मधोमध उभ्या, डोळे मिटलेले, चेहरा लालबुंद. पाटणकर आजोबा उड्या मारत होते. जोशीवहिनी, ज्यांना पोरगं सैतानाचं भक्त झालंय असं वाटत होतं, त्यांचा अंबाडा सुटलेला आणि त्या पोराच्या डोळ्यात डोळे घालून ओरडत होत्या, "आय वॉज नेव्हर क्वाएट!" आठवी ओळ गेली आणि आम्ही थांबलोच नाही, नववी, दहावी, आणि मग एकेकाचा दम तुटत गेला. ड्रम थांबले. गिटारी थांबल्या. काकू थांबल्या नाहीत. एकच आरोळी, शब्द संपलेला, नुसता आवाज, लांब, भरघोस, पोटातून उपसून काढलेला. मग ती संपली. काचेपलीकडे मार्कस दोन्ही हात डोक्यावर ठेवून उभा होता.

"आलं का?" काकूंनी विचारलं.

आलं होतं.

ऑपरेशनमध्ये गाठ नीट निघाली. पण ती नसेला चिकटून बसलेली होती, नस दुखावली. आवाज आला तो खरखरीत, फाटका, वाऱ्याने दार घासल्यासारखा. परत येईलही, सर्जन म्हणाले, येणारही नाही. काकूंनी बस सोडली. "मागच्या सीटपर्यंत पोचत नाही," एवढंच म्हणाल्या. मंडळात येणं बंद केलं. फोन घेईनात. आमच्यासमोरही मानेने हो-नाही करायच्या, कारण आपलाच आवाज ऐकला की चेहरा पडायचा त्यांचा. अरविंदकाका एकदा मला दारात म्हणाले, "घर फार मोठं झाल्यासारखं वाटतं गं."

उन्हाळ्यात अल्बम आला. कोडी स्वतः घेऊन आला आणि स्वयंपाकघरातल्या स्पीकरवर शेवटचं गाणं लावलं. आरोळी आली. काकूंनी दोन्ही हात तोंडावर घेतले. काका म्हणाले, "पुन्हा लाव." पुन्हा लावलं. मग प्लेनोला लेकीच्या फोनवर पाठवलं. तिने बाळाला ऐकवलं आणि व्हिडिओ पाठवला. बाळ दचकून असं रडलं, असं रडलं, की काकू खुर्चीत मागे पडून हसल्या. मुकं हसू, पण डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. "ओळखलं," त्या घोगऱ्या आवाजात म्हणाल्या. बऱ्याच दिवसांनी बोललेला शब्द होता तो.

शिकागोत अल्बमचा पहिला कार्यक्रम होता. त्याच आठवड्यात माझी न्यू जर्सीला बदली झाली होती, वेस्ट विंडसरचं घर ठरलं होतं, खोकी बांधून झाली होती. म्हणजे काकूंबरोबरची ही माझी शेवटचीच संध्याकाळ. "ऐकायला येते. बोलायला नाही," अशी अट घालून त्या आल्या. काकांनी त्यांच्या कानात इयरप्लग घातले. हॉल पोरापोरींनी गच्च भरला होता. काळे टी-शर्ट, नाकात रिंगा, आणि गर्दीत आमच्या काकू सुती साडी आणि स्वेटरमध्ये.

शेवटचं गाणं आलं. कोडी स्टेजवरून खाली उतरला, गर्दीतून वाट काढत काकूंसमोर आला आणि माईक त्यांच्या तोंडापुढे धरला. काकूंनी मान हलवली. गळ्याकडे बोट दाखवलं. नाही. कोडी हलला नाही. मागे बँड तेच चार ठोके वाजवत थांबून राहिला. मला कोडीचा राग आला. कशाला बिचारीला सगळ्यांसमोर!

तेवढ्यात मागच्या पोरांचा लोंढा आला, धक्का बसला, काका धडपडले. काकूंनी संतापाने वळून मागे बघितलं आणि ओरडल्या, "अरे, बसा की खाली!"

माईक तोंडासमोरच होता. तो फाटका, घोगरा, खरखरीत आवाज त्या प्रचंड स्पीकरमधून बाहेर पडला आणि भिंती थरथरल्या. हे गायक वर्षानुवर्षं घसा तासून जो आवाज शोधतात ना, अगदी तो. आणि मग असा जल्लोष उसळला की माझे कान बंद झाले. पोरं वेडी झाली. कुणीतरी ओरडलं, "हू इज दॅट?"

"शी सेड सिट डाउन!" कोडी म्हणाला.

आणि सगळे बसले. टॅटूवाले, रिंगावाले, दाढीवाले, सगळे मांडी घालून जमिनीवर. अशा कार्यक्रमांत ही रीतच असते म्हणे, खाली बसायचं आणि इशारा झाला की एकदम उसळायचं. उभ्या फक्त काकू. त्यांनी माईककडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, डोळे विस्फारलेले. मग हसू फुटलं. कोडीच्या हातातून त्यांनी माईक स्वतःच्या हातात घेतला, दुसरा हात वर केला, आणि श्वास भरून घेतला. मला दिसलं, पोटापासून.

हात खाली आला. सगळा हॉल एकदम उसळून उभा राहिला आणि मला काकू दिसेनाशा झाल्या. पण कुठे आहेत, हे विचारायची गरज नव्हती.